आपलाच डबा, आपलेच खेळ

काखेत कळसा आणि गावाला वळसा ही म्हण आपण शाळेपासून ऐकत आलो. पण त्या म्हणीतला सगळ्यात महत्त्वाचा माणूस म्हणीत नाहीच. बाई गावभर फिरली, ठीक. कळसा काखेत होता, तेही ठीक. पण कुणीतरी तिला म्हणालं असलं पाहिजे ना, की "अगं, काखेत बघ!" त्याशिवाय वळसा संपणार कसा, आणि म्हण तयार होणार कशी? त्या माणसाला तिने काय दिलं? घोटभर पाणी तरी दिलं का? की "मला ठाऊकच होतं" असं म्हणून तरातरा घरी निघून गेली? म्हण याबाबत गप्प आहे. माझा अंदाज विचाराल तर बाई घरीच गेली असणार. कारण कळसा तिचा, काख तिची, वळसासुद्धा तिनेच घातलेला. मधल्यामध्ये या तिऱ्हाइताचा संबंध काय?

संबंध काय, हाच प्रश्न आहे. आपल्याच मालकीच्या वस्तूत एखादी गोष्ट आहे, पण आपल्याला ती सापडत नाही. दुसऱ्याने बोट दाखवलं आणि सापडली. आता त्या गोष्टीवर बोटवाल्याचा काही हक्क पोहोचतो की नाही? असले प्रश्न थोर लोकांना नदीकाठी किंवा वडाच्या झाडाखाली पडतात. मला तो १९९६ सालच्या दिवाळीनंतर अँटॉप हिलच्या सरकारी वसाहतीत, आठ आण्यांच्या निमित्ताने पडला.

अँटॉप हिल म्हटलं की गिरगाव-दादरकडची मंडळी "म्हणजे नक्की कुठे हो?" असं अशा सुरात विचारतात, की आपल्यालाच क्षणभर शंका यावी. वडाळ्याच्या पलीकडे, शीव-कोळीवाड्याच्या अलीकडे. खरोखरीची टेकडी आहे, शेख मिस्रींचा दर्गा आहे, आणि केंद्र सरकारच्या नोकरांसाठी बांधलेली सेक्टरांची वसाहत आहे. या वसाहतीत माणसाला आडनाव नसायचं. खातं असायचं. तिसऱ्या मजल्यावर ऑडिटवाले, त्यांच्यासमोर टपालवाले, तळमजल्यावर कस्टमवाले. टपालवाले पालघाटचे, कस्टमवाले बर्दवानचे, पण ती माहिती फक्त त्यांच्या स्वयंपाकघरातून येणाऱ्या वासापुरती. एरवी खातं हीच जात आणि खातं हेच गोत्र. आम्ही दुसऱ्या मजल्यावरचे स्टोअर्सवाले.

हे मुद्दाम सांगायचं कारण असं, की स्टोअर्समध्ये तीस वर्षं काढलेल्या माणसाचं या विषयात एक तत्त्वज्ञान ठरून गेलेलं असतं. लेजरमध्ये आहे पण रॅकवर सापडत नाही, ती वस्तू नाही. बस्स. "साहेब, असेल कुठेतरी" याला आमच्या शास्त्रात स्थान नाही. उलट ऑडिटचं शास्त्र असं, की लेजरमध्ये आहे ना, मग ती आहेच. कुठे आहे ते तुम्ही सांगा. अस्तित्व म्हणजे काय यावर जगात जे दोन मोठे पंथ आहेत, ते आमच्या जिन्यात असे एका मजल्याच्या अंतरावर राहत होते.

तर त्या दिवाळीत आमच्या चिरंजिवांना त्यांच्या मामाने मनीष मार्केटातून एक व्हिडिओ गेम आणला. मामा लोकांचं एक बरं असतं. वस्तू देऊन ते निघून जातात, वस्तू आपल्याकडे राहते. हातात मावेल असा करडा प्लॅस्टिकचा डबा, वरच्या अंगाला काड्यापेटीहून जरा मोठा पडदा, खाली बटणं, पाठीत दोन पेन्सिल सेल. पडद्यावर चित्र म्हणजे नुसते काळे चौकोन, आडवे दहा आणि उभे वीस. आणि डब्याच्या छातीवर सोनेरी अक्षरांत लिहिलेलं : ९९९९ इन वन.

नऊ हजार नऊशे नव्व्याण्णव खेळ! मी हिशेब केला. रोज एक खेळ म्हटला तरी सत्तावीस वर्षं झाली. चिरंजीव त्या वेळी दहाचे होते. म्हणजे शेवटचा खेळ खेळेपर्यंत सदतिशी गाठणार, मधल्या काळात त्यांचं शिक्षण, नोकरी आणि लग्न उरकायचं. मामाने भाच्याच्या जन्माची सोय केली असं आम्हाला वाटलं.

प्रत्यक्षात डबा सुरू केला की वरून ठोकळे पडायचे. ते फिरवून खाली नीट बसवायचे. एक ओळ भरली की ओळ नाहीशी. एवढा एकच खेळ. खेळ गोड होता यात वाद नाही. आमचे अण्णा, म्हणजे माझे वडील, त्यात बघता बघता तरबेज झाले. जन्मभर त्यांनी आठ माणसांचं सामान एका होल्डॉलमध्ये बसवलेलं. कुठलाही वेडावाकडा ठोकळा आला की "हं, हा तांब्या आहे, कडेला घाला" असं म्हणून ते बोट चालवायचे. पण उरलेले नऊ हजार नऊशे अठ्ठ्याण्णव कुठे? डब्याबरोबर एक घडीचा कागद होता. त्यावरचं इंग्रजी वाचून खेळ सापडण्यापेक्षा आपलं इंग्रजी हरवण्याचा संभव जास्त. दोन आठवडे आम्ही ठोकळेच पाडले. माझ्या शास्त्राप्रमाणे बाकीचे खेळ नव्हतेच.

मग ऑडिटवाल्यांचा मुलगा आला. वय वर्षं अकरा, चेहरा पंचेचाळीस. त्याने डबा हातात घेतला, आमच्याकडे पाठ केली, काहीतरी खुटखुट केलं, आणि डबा पुन्हा आमच्यासमोर धरला. ठोकळे गायब! दोन बाजूंनी रस्ता आणि मधून मोटार पळते आहे! चिरंजिवांनी किंकाळी मारली. मुलगा शांतपणे म्हणाला, "आठ आणे."

"कसले रे?" मी विचारलं.

"खेळ दाखवायचे."

"अरे, पण खेळ आमच्याच मशीनमध्ये आहे ना?"

"हो काका. खेळाचे नाही घेत. खेळ तुमचाच. दाखवायचे घेतो."

मी गप्प झालो. इतकं स्वच्छ उत्तर मला कचेरीत कधी मिळालं नव्हतं.

आठवडाभरात चिरंजिवांनी आठ खेळ पाहिले. रणगाडे, साप, रस्ता ओलांडणारा बेडूक, भिंतीवर आपटणारा चेंडू वगैरे. आठ आण्याप्रमाणे चार रुपये झाले. ते फ्रीजवरच्या बशीत सुटे पैसे असतात त्यातून गेले. फ्रीजवरच्या बशीचं ऑडिट आमच्या घरात सौ. करते, आणि तिच्या हातून आजवर एक नाणं निसटलेलं नाही. प्रकरण उघडकीला आलं आणि रविवारी सकाळी दुधाच्या केंद्रावर त्याला तोंड फुटलं.

टपालवाल्यांचं मत असं पडलं की, विद्या विकू नये. मी म्हटलं, जीपीओच्या बाहेर छत्रीखाली बसून मनीऑर्डरचे फॉर्म लिहून देणारे काय विकत होते? फॉर्म टपालखात्याचा, पैसे पाठवणाऱ्याचे, पत्ताही पाठवणाऱ्याच्याच आईचा. तरी लिहिणारा काहीतरी घ्यायचाच, आणि देणारा दुवा देऊन जायचा. टपालवाले म्हणाले, "ते वेगळं. तो मेहनत करतो." मेहनत हा शब्द आला की आपल्याकडे वाद थांबतो. पण त्या पोराने बोट हलवलं ही मेहनत नव्हे, आणि फॉर्मवाल्याने बोट हलवलं ही मेहनत, हे मला पटेना. कस्टमवाल्यांनी वेगळाच मुद्दा काढला. ते म्हणाले, माल आत आला तेव्हा डब्यावर ९९९९ असं जाहीर केलं होतं की नाही? जाहीर केलेला माल लपलेला म्हणता येत नाही. म्हणजे मुलाने काही शोधलंच नाही. ऑडिटवाले स्वतः केंद्रावर हजर होते, पण त्यांनी एवढंच विचारलं, की पावती घेतली का?

घरी आल्यावर सौ.ने एका वाक्यात सगळ्यांना निकालात काढलं. "पंचांग आपल्याच घरात खिळ्याला लटकलेलं असतं. तरी मुहूर्त सांगायला भटजी येतात आणि तुम्ही दक्षिणा ठेवता. तेव्हा नाही विचारलंत, की तिथी आमच्याच पंचांगात आहे ना म्हणून!"

हे खरं होतं. आणि एकदा खरं म्हटल्यावर त्याला अंतच राहिना. डॉक्टर आपल्याच पोटातलं दुखणं आपल्याला सांगतात. वकील आपलीच बाजू आपल्याला समजावतात. गवईबुवा शिष्याच्या गळ्यातला सूर शिष्याला दाखवतात आणि त्यासाठी बारा वर्षं त्याच्याकडून पाणी भरून घेतात. साधूसंत तर ज्याच्या त्याच्या ठायी असलेला देवच दाखवून देतात. संतांनी त्याचे काही घेतले नाहीत एवढं मात्र नोंदवून ठेवलं पाहिजे. घेणारे पुढे आले.

आता कायदा काय म्हणतो? दडलेल्या वस्तूंबद्दल आपल्याकडे एक जुना आणि अतिशय मजेदार कायदा आहे, १८७८ सालचा, गुप्तधनाचा. भूमीत दडलेलं, दहा रुपयांपेक्षा जास्त किमतीचं काही सापडलं तर सापडणाऱ्याने कलेक्टरला कळवायचं. मूळ पुरणारा किंवा त्याचा वारस पुढे आला नाही, आणि सापडणारा व जागेचा मालक यांच्यात आधी काही ठरलेलं नसलं, तर वाटणी अशी : तीन चतुर्थांश सापडणाऱ्याला, एक चतुर्थांश जागेच्या मालकाला. वाचून मी दचकलो. मला वाटत होतं उलट असेल. आयुष्यभर ज्या जमिनीचा सारा भरला तिच्यातला हंडा, आणि कुदळवाल्याला बारा आणे, मालकाला चार आणे! पण इंग्रज मोठा व्यवहारी. त्याने ओळखलं असावं, की मालक पिढ्यान्पिढ्या त्या हंड्यावर झोपून होता. त्याच्या हातून काही व्हायचं नव्हतं. हा हिशेब आमच्या डब्याला लावला तर मोटारीच्या खेळाचा बारा आणे हिस्सा ऑडिटवाल्यांच्या मुलाचा होत होता. त्यापुढे आठ आणे म्हणजे पोराने सूटच दिली म्हणायची.

पण मग ज्याने हंडा पुरला त्याचं काय? कायदा त्याला मेलेला धरतो. आमच्या डब्याच्या बाबतीत मात्र तो चांगला जिवंत होता. ठोकळ्यांचा हा खेळ १९८४ साली मॉस्कोच्या विज्ञान अकादमीच्या संगणक केंद्रात अलेक्सी पाजित्नोव्ह नावाच्या गृहस्थाने तयार केला. ज्या यंत्रावर केला त्याला चित्रं काढता येत नव्हती, म्हणून त्याने कंसांचे ठोकळे केले. सरकारी नोकर, सरकारी यंत्र. तेव्हा खेळाचे हक्कही सोव्हिएत सरकारकडे. १९८९ मध्ये जपानी निन्टेन्डो कंपनीचा गेमबॉय निघाला तो अमेरिकेत हाच खेळ बरोबर घेऊन. तो खेळ दुनियेने डोक्यावर घेतला, आणि पाजित्नोव्हच्या पदरात त्याचा मोबदला पडायला १९९६ साल उजाडावं लागलं. म्हणजे नेमकं आमच्या दिवाळीचं साल. बारा वर्षं ज्याच्या खेळाचे त्याला काही मिळालं नाही, त्याच खेळाचा शेजारी दाखवायचे आमच्या जिन्यात आठ आणे रोख मिळत होते. आमच्या डब्यावर तर त्याचं नावही नव्हतं. मनीष मार्केटातल्या मालावर नाव शोधणं म्हणजे लोकलच्या गर्दीत ओळखीचा पाय शोधण्यासारखं.

नावावरून आठवलं. अमेरिकेत अटारी नावाची कंपनी आपल्या खेळांवर ते बनवणाऱ्यांची नावं छापत नसे. वॉरन रॉबिनेट हा तिथला नोकर. त्याने १९७९ मध्ये 'अ‍ॅडव्हेंचर' हा खेळ करताना त्यात एक चोरखोली बांधली. पडद्याच्या रंगात मिसळून जाणारा एक ठिपका आधी सापडला पाहिजे, तो घेऊन ठराविक भिंतीशी गेलं पाहिजे, मग खोली उघडते. खोलीत काय? हा खेळ वॉरन रॉबिनेटने बनवला, एवढंच वाक्य. खेळ बाजारात गेला तोवर त्याने कंपनी सोडली होती आणि हे कुणाला सांगितलंही नव्हतं. सॉल्ट लेक सिटीमधल्या एका पंधरा वर्षांच्या पोराला ती खोली सापडली, त्याने कंपनीला पत्र लिहिलं, आणि मालकाला आपल्याच मालात काय आहे ते कळलं. कळसा, काख आणि कंपनी.

दुसरी गोष्ट याहून निराळी आहे आणि मला ती जास्त आवडते. सातोरू इवाता हे निन्टेन्डोचे अध्यक्ष. तरुणपणी ते प्रोग्राम लिहायचे, १९८४ चा गोल्फचा खेळ त्यांनीच लिहिलेला. ते ११ जुलै २०१५ ला वारले. २०१७ मध्ये कंपनीने स्विच नावाचं हातात धरायचं नवं यंत्र काढलं. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये लोकांच्या लक्षात आलं, की यंत्राच्या पोटात तो जुना गोल्फ आहे. कुठल्या यादीत नाही, जाहिरातीत नाही. यंत्राच्या घड्याळात ११ जुलै ही तारीख असली पाहिजे, आणि इवाता भाषणात दोन्ही हात पुढे करायचे तसे हात पुढे केले पाहिजेत, तरच तो सुरू होई. पुढे कंपनीने तो काढूनही टाकला. तो खेळण्यासाठी ठेवलेलाच नव्हता, गळ्यात ताईत असतो तसा ठेवला असावा, असं काहींना वाटलं. मलाही तसंच वाटतं. आता हा खेळ विकत घेणाऱ्याचा म्हणायचा का? पैसे तर त्याने पुऱ्या यंत्राचे मोजले होते. आमच्या आईने माझ्या कोटाच्या अस्तरात अंगाऱ्याची पुडी शिवून ठेवली होती. कोट मी शिलाई देऊन शिवून घेतलेला. पण पुडी माझी आहे असं म्हणायचं धाडस मला आजही होत नाही.

सध्या आमच्या नातवाकडे एक डबा आहे, त्यावर ४०० इन वन लिहिलेलं. सुरू केला की यादीच समोर येते. नावावर बोट ठेवा, खेळ चालू. सापडायचं काही नाही, दाखवायचं काही नाही, कुणाला आठ आणे द्यायचे नाहीत. तो अर्ध्या तासात पस्तीस खेळ उघडतो, सगळे बंद करतो आणि "कंटाळा आला" म्हणून माझ्याकडे बघतो. मी यादीत नाही.

पण मी १९९६ सोडून भलतीकडे आलो. त्या प्रकरणाचा गाभा पुढेच आहे.

आमच्या इमारतीत जिन्याखाली एक इस्त्रीवाला बसायचा. कोकरी आगाराकडे राहायचा, सकाळी येऊन कोळशाची इस्त्री पेटवायचा. त्याचा मुलगा शाळा सुटली की कपड्यांचे गठ्ठे घरोघर पोचवायचा. गठ्ठा द्यायचा, पैसे आत जाऊन येईपर्यंत दारात उभा राहायचा, आणि नजर मुलांच्या हातातल्या डब्यावर. एका संध्याकाळी मी ऑडिटवाल्यांच्या मुलाला सहज विचारलं, "तुला रे कुणी शिकवलं?"

"इस्त्रीवाल्याच्या मुलाने."

"मग त्याला किती दिलेस?"

"पैसे नाही दिले. एक डाव खेळू दिला."

मी खाली गेलो. पोरगा शर्टांना कागद लावत होता. त्याला विचारलं, की बाबा रे, तुझ्याकडे डबा नाही, तुला हे सापडलं कसं? तो म्हणाला, की पलीकडच्या सेक्टरमध्ये एका मुलाने जेवायला जाताना डबा मिनिटभर त्याच्या हातात दिला होता. "मिनिटात खेळून काय होणार? म्हणून सुरू करून नुसती बटणं दाबली. ठोकळा फिरवायचं बटण असतं ना, ते खेळ सुरू व्हायच्या आधी दाबायचं. कोपऱ्यातलं अक्षर बदलतं. अक्षर बदललं की खेळ बदलतो."

एवढंच! ज्यांच्या मालकीचा डबा, ते सुरू केल्याबरोबर खेळायलाच लागत. खेळ सुरू होण्याच्या आधी एक जागा आहे, तिथे थांबता येतं, हे आमच्यापैकी कुणाला दिसलंच नाही. ज्याला खेळायला वेळच नव्हता त्याला ते दिसलं.

मग तो म्हणाला, "आणि काका, ते नऊ हजार नाहीत. चौदा आहेत."

"चौदा?"

"मी सगळ्यांचे बघून बघून मोजले. चौदाच. बाकी तेच खेळ, फक्त जोरात पळतात. नाहीतर पहिल्यापासून थोडे ठोकळे भरलेले असतात. त्यांनी ते सगळे वेगवेगळे धरले."

चारही मजल्यांवर त्या वेळी असले सहा-सात डबे होते. ते सगळे डबे हाताळलेली आमची मुलं, त्यांचे आईबाप, खुद्द ऑडिटवाले आणि मी धरून, कुणी मोजणी केली नव्हती. डब्यावर आकडा छापलेला होता ना! स्टोअर्सवाल्याने स्टॉक तपासला नाही, ऑडिटवाल्याने बाकी काढली नाही, आणि ज्याच्या नावावर एकही डबा नाही त्याने उंबऱ्याबाहेर उभं राहून फिजिकल व्हेरिफिकेशन करून ठेवलं होतं.

आता १८७८ चा कायदा लावायचा तर बारा आणे हिस्सा या पोराचा होता. ऑडिटवाल्यांचा मुलगा मधला दलाल. आणि खऱ्या शोधणाऱ्याला मिळाला होता एक डाव. एक डाव म्हणजे चांगला खेळणारा असला तर दहा मिनिटं, आणि या पोराला सराव कुठे होता? दोन मिनिटांत आटोपला असणार.

मी ही हकिकत वर जाऊन ऑडिटवाल्यांच्या कानावर घातली. माणूस हिशेबाला पक्का. त्यांनी मुलाकडून चारही रुपये काढून घेतले आणि माझ्या हातावर ठेवले. "अयोग्य वसुली. परत." मी ते घेऊन घरी आलो तर सौ. म्हणाली, "मला नकोत. पोराने खेळ पाहिले ना? मग ते आपले राहिले नाहीत." अण्णा म्हणाले, "ज्याचे त्याला द्या." तेव्हा मी पुन्हा खाली उतरलो आणि चार रुपये इस्त्रीवाल्याच्या पुढे केले.

"हे कशाचे?" त्याने विचारलं.

मी सगळं सांगितलं. त्याने पोराकडे पाहिलं, पोराने शर्टाकडे पाहिलं. इस्त्रीवाल्याने इस्त्री तिवईवर टेकवली.

"साहेब, पोराने बटण दाखवलं त्याचे पैसे कसले घ्यायचे? उद्या कुणी मला रस्ता विचारला तर त्याचे मागू?"

"पण त्याच्यावर दुसऱ्याने घेतले, त्याचं काय?"

"त्याने घेतले ते त्याच्यापाशी."

मी पैसे मागे घेईना. पैसे इस्त्रीच्या टेबलावर, कांबळ्याच्या कडेला, तसेच. दोघेही बराच वेळ त्या चार रुपयांकडे पाहत राहिलो. माझं म्हणणं होतं, की न दिलेली मजुरी देतो आहे. त्याचं म्हणणं होतं, की न केलेल्या कामाचे पैसे देतो आहे. दोघांपैकी कुणाचं खरं, हे मला अजूनही नेमकं सांगता येत नाही. पण त्या वेळी त्याच्या हातात इस्त्री होती आणि माझ्या हातात काही नव्हतं, त्यामुळे त्याची बाजू भक्कम दिसत होती.

शेवटी तो म्हणाला, "कपडे पाठवा."

त्या काळी आठ आण्याला एक कपडा इस्त्री व्हायचा. चार रुपयांचे आठ. चिरंजीव तेवढ्यात डबा घेऊन खाली पळाले होते आणि जिन्याच्या शेवटच्या पायरीवर त्या पोराशेजारी बसले होते. पोरगा काहीतरी सांगत होता, चिरंजीव बटण दाबत होते, मग डबा त्याच्या हातात, मग परत. यात किती डाव कुणाचे, ते कुणी लिहून ठेवलं नाही. मी वर गेलो. घरात इस्त्रीला द्यायचे कपडे शोधले तर माझे चार शर्ट, एक विजार, सौ.ची एक साडी आणि अण्णांचा सदरा, असे सातच निघाले. आठवा मिळेना. आठ आणे बाकी ठेवायला इस्त्रीवाला तयार नव्हता, आणि वरून ऑडिटवाले कठड्यावरून वाकून हिशेब जुळतो का ते पाहत होते. म्हणून सौ.ने अण्णांच्या गळ्यातला मफलर काढून घेतला. संध्याकाळी तो इस्त्री होऊन, मधोमध कडक घडी पडून, कागदात गुंडाळून आला. अण्णांनी तो आठ दिवस घातला नाही. घडी मोडेल म्हणून.